ब्लूटूथवरून गेम देणं-घेणं : तेव्हा कसं चालायचं, आणि आता नेट नसलेल्या गावात कसं करावं?

मेळघाट_मास्तर

मी धारणी तालुक्यातल्या एका गावात शिकवतो. टेकडीवर चढलं तर फोनला एखाद-दोन काड्या दिसतात, कसंबसं बोलणं होतं, पण डाउनलोड काही होत नाही. तरी स्मार्टफोन बऱ्याच घरी आलेत. मजुरीला परतवाडा-अमरावतीकडे गेलेला बाप येताना फोन घेऊन येतो आणि तो संध्याकाळी पोरांच्या हातात असतो. त्यात गेम म्हणजे फोनसोबत आलेले तेवढेच.

माझ्या फोनमध्ये एक बुद्धिबळाचा आणि एक गणिताचा गेम आहे. ते पोरांच्या घरच्या फोनांत टाकावेत म्हणून दोघांच्या एपीके, म्हणजे ॲप बसवायच्या फाइली, काढल्या आणि ब्लूटूथने पाठवल्या. बुद्धिबळ सगळीकडे नीट बसलं. गणिताची फाइल जाते, पण उघडली की 'ॲप इन्स्टॉल झालं नाही' एवढंच येतं. सगळ्या फोनांवर तेच.

आम्ही कॉलेजात असताना नोकियाच्या साध्या फोनवरून शेजारच्याला गेम द्यायचो, तेव्हा हा त्रास नव्हता. फोन एवढे पुढे गेले आणि हातभर अंतरावरच्या फोनला एक गेम देणं कठीण झालं, हे मला पटत नाही. ज्या गावात टॉवर नाही तिथल्या पोरांनी काय करायचं?

दोन गोष्टी सांगा. बिननेटचा गेम आज कसा द्यावा? आणि तुमच्या गावात तेव्हा हे कसं चालायचं? दुसरा प्रश्न निव्वळ आठवणींसाठी नाही. तेव्हा जे जमत होतं ते का जमत होतं हे कळलं, तर आजचंही काही सापडेल असं वाटतं.

वणीकर

मास्तर, आमच्या इकडं गेम येत पोयाले आन् दिवाईले. पुण्या-नागपुरात कामाले गेलेले पोट्टे सुट्टीत गावात येत, तवा त्याहीच्या मोबाईलात नवे गेम राहत. पोयाच्या दिवशी तोरणाखाली बैलं उभे, बुढे लोकं झडत्या म्हनून राह्यले, अन् मांगं शायेच्या भितीपाशी आम्ही सारे त्या एका पोट्ट्याच्या भवताल. त्याचं ब्लूटूथ एका टायमाले एकालेच देये. मंग नंबर लागे. ज्याले पयले भेटला थो दुसऱ्याले दे, दुसरा तिसऱ्याले. बैलं घरी जायेपर्यंत गेम अर्ध्या गावात पसरून जाये.

दुसऱ्या दिवशी तान्ह्या पोयाले तोच गेम बाजूच्या गावात. आठवडी बाजारात तं पुरा तालुकाच भेटे. शंकरपटात, म्हंजे बैलाईच्या शर्यतीत, बी तसंच, पट सुरू व्हाच्या आंधी टाइम रिकामाच राहे.

डायमंड रश आमच्या गावात असाच आल्ता. एका पोट्ट्याले त्याच्या मावसभावानं हिंगणघाटाहून देल्ला होता. कोनी पैसे देल्ले नाही, कोनी नेट पाह्यलं नाही. गावात जीपीआरएस, म्हंजे मोबाईलवरचं तवाचं नेट, काय थे मालूम असनारे लोकंच कमी होते.

जुना_सिम्बियन

मास्तर, आधी तेव्हा का जमत होतं ते सांगतो.

ब्लूटूथला टॉवर, सिम, बॅलन्स यातलं काहीच लागत नाही. दोन फोन २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात थेट एकमेकांशी बोलतात, ७९ चॅनलांवर सेकंदाला १६०० वेळा जागा बदलत. फोनमधल्या रेडिओची पोच साधारण १० मीटर. २००४ च्या २.० आवृत्तीत ईडीआर हा वेगवान प्रकार आल्यावर वेग कागदावर ३ एमबीपीएस झाला, प्रत्यक्षात फार तर दोनच्या आसपास. आजच्या मानाने हा वेग काहीच नाही. पण तेव्हाचा गेम केवढा होता? जावा गेमची जार फाइल बहुधा काही शे केबीची. ती काही सेकंदांत जायची. वेळ लागायचा तो फोन शोधायला, ०००० किंवा १२३४ टाकून जोडी जमवायला आणि समोरचा 'होय' दाबेपर्यंत.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची आहे. जार म्हणजे मुळात एक झिप. गेमचा कोड, चित्रं, आवाज सगळं त्या एकाच फाइलमध्ये. फाइल गेली की गेम गेला. उघडल्यावर नेटवरून आणखी काही आणायचं नसे, खातं नसे, लॉगिन नसे. एमआयडीपी २.० हे फोनवरच्या जावा ॲपचं मानक २००२ चं. ते पाळणाऱ्या कुठल्याही कंपनीच्या फोनवर तीच जार चालावी असा हेतू होता, आणि बऱ्याच अंशी ती चालायची.

माझा फोन नोकिया ६६०० होता, सिम्बियन या प्रणालीवर चालणारा. त्यात जारही चालायची आणि सिम्बियनची स्वतःची सिस फाइलही. पुढे एन७३ सारख्या फोनांत सिसला सही केलेलं प्रमाणपत्र लागायला लागलं. 'प्रमाणपत्राची मुदत संपली' असं आलं की आम्ही फोनची तारीख मागे न्यायचो, गेम टाकायचो आणि तारीख पुन्हा जागेवर आणायचो.

आज सकाळी वेळ कमी आहे, एपीकेचं रात्री लिहितो.

डाउनलोडिंगवाला_आर्णी

माझं मोबाईलचं दुकान होतं. बाहेर बोर्डच होता, गाणे, गेम, रिंगटोन डाउनलोड. गिऱ्हाईक मेमरी कार्ड काढून द्यायचं, मी रीडरमध्ये घालून भरून द्यायचो. तेव्हाचं शिकलेलं एक इथं उपयोगी पडेल म्हणून लिहितो.

जार सगळीकडे चालावी हा हेतू खरा, पण गेम बनायचा स्क्रीनच्या मापाने. एकाच गेमच्या चार-पाच जार असायच्या. माझ्या कॉम्प्युटरवर फोल्डरच तसे होते: १२८ बाय १६०, १७६ बाय २०८, १७६ बाय २२०, २४० बाय ३२०. नोकियाचे ३११० क्लासिक आणि २६९० वाले पहिल्यात. ६६०० दुसऱ्यात. ५१३०, २७०० क्लासिक, ६३०० शेवटच्यात. गिऱ्हाईक आलं की आधी मॉडेल विचारायचं, मग फोल्डर उघडायचा. लहान मापाचा गेम मोठ्या स्क्रीनवर टाकला की कोपऱ्यात चौकोन दिसायचा आणि बाकी पांढरं. उलटं केलं तर अर्धा गेम दिसायचाच नाही.

त्यामुळे कुठल्या गावात कोणते गेम पसरले हे त्या गावात कोणते फोन होते त्यावर ठरायचं. एखाद्या गावात सगळ्यांकडे १२८ बाय १६० वाले असले, तर तिथं मोठ्या स्क्रीनचा गेम कितीही गाजलेला असला तरी पोचायचाच नाही. मी ते पाहिलंय. दोन शेजारची गावं, गेम पार वेगळे.

चायना मोबाईलवाल्यांचं आणखी वेगळं होतं. त्यातल्या बऱ्याच फोनांत एमआरपी नावाचे गेम चालायचे, ते दुसऱ्या कशावर चालत नसत. तो पोरगा आपल्या टोळक्यात एकटा पडायचा. मला वाईट वाटायचं. त्याच्यासाठी मी एमआरपीचा वेगळा फोल्डर ठेवला होता.

अन् मास्तर, फोनसोबत आलेला गेम देता येत नसे. बाउन्स टेल्स पाठवायला पोरं धडपडायची, पण फोन त्याला हात लावू देत नव्हता. जो गेम फाइल म्हणून आला तोच फाइल म्हणून पुढे जायचा.

संत्रावाली

वणीकर दादा, तुमचं वाचून छान वाटलं, पण त्या घोळक्यात एक तरी मुलगी होती का?

मी वरुडकडची. आमच्या घरी फोन भावाचा. तो वावरात गेला आणि फोन चार्जिंगला घरी राहिला तर आम्हा बहिणींना मिळायचा. लोडशेडिंग असलं तर तेही नाही, कारण चार्ज करायला फोन दुसरीकडे जायचा. आमच्याकडे गेम यायचे लग्नात. मांडवात मावसबहिणी, आतेबहिणी जमल्या की कुणाकडे तरी नवऱ्याचा किंवा भावाचा फोन असायचा. मेंदीचे हात वाळेपर्यंत एकमेकींना गेम द्यायचो. मुलांच्या त्या जत्रेपेक्षा हे लहान होतं, पण आमचं होतं.

ब्लूटूथ चालू ठेवू नको, असं घरचे सांगायचे आणि त्याला कारण होतं. एसटीत बसलं आणि फोन 'सगळ्यांना दिसतो' वर असला की अनोळखी नावावरून फाइली यायच्या. त्या गेमच असायच्या असं नाही. घाण क्लिपा पाठवणारे लोक होते. कुठल्या सीटवरून आलं तेही कळायचं नाही. घाबरून अनेकींनी ब्लूटूथला हातच लावला नाही, आणि मग गेमही त्यांच्यापर्यंत गेले नाहीत.

मास्तर, म्हणून तुम्हाला हे मुद्दाम सांगते. पोरांना शिकवाल तेव्हा फाइल कशी पाठवायची याच्या आधी कोणाची घ्यायची नाही ते शिकवा. आणि मुलींना वेगळं बसवून, त्यांच्याच हातात फोन देऊन शिकवा.

वणीकर

ताई, खरं हाय. आमच्या घोयक्यात एक बी पोट्टी नव्हती. माह्या बहिनीले मी गेम खेयू देल्ला, पन द्याले कसं लागते थे कधी दाखवलं नाही. तुमी लिवलं थे बरं केलं.

जुना_सिम्बियन

संत्रावाली ताईंच्या मुद्द्याला जोडून. जून २००४ मध्ये कॅबिर नावाचा किडा सापडला. तो सिम्बियन फोनांत ब्लूटूथवरूनच पसरायचा. कॅरिब डॉट सिस नावाची फाइल यायची, आपण 'होय' म्हणत इन्स्टॉल केली की आपलाही फोन आसपासच्यांना तीच पाठवू लागायचा. नुकसान म्हणाल तर मुख्यतः बॅटरीचं. २००६ मध्ये रेडब्राउझर आला. तो साध्या जार फाइलमध्ये होता आणि महागड्या नंबरांवर एसएमएस पाठवायचा. जावा गेम फोनच्या आत मनमानी करू शकत नसे, एसएमएसच्या आधी परवानगी विचारायचा. गडबड तिथंच व्हायची, कारण ती विचारणा इंग्रजीत असायची आणि गेम सुरू व्हावा म्हणून माणूस दिसेल ते 'येस' दाबायचा. पोरांना आजही हेच सांगावं लागेल: गेमला एसएमएस, संपर्क, कॉल यांची परवानगी कशाला हवी? मागत असेल तर काढून टाका.

आता तुमच्या गणिताच्या गेमचं.

ऑगस्ट २०२१ पासून प्ले स्टोअरवर येणाऱ्या नव्या ॲपना 'ॲप बंडल' पद्धत सक्तीची आहे. यात एक अखंड एपीके राहत नाही. प्ले स्टोअर तुमचा फोन पाहून तुकडे उतरवतं: एक मुख्य तुकडा, एक तुमच्या प्रोसेसरसाठी, एक स्क्रीनच्या घनतेसाठी, एक भाषेसाठी. तुम्ही काढून पाठवलात तो बहुतेक फक्त मुख्य तुकडा. बाकीचे नाहीत म्हणून फोन त्याला नकार देतो. तुमचं बुद्धिबळ जुन्या पद्धतीचं, अखंड असणार, म्हणून बसलं.

उपाय असा. एसएआय, म्हणजे स्प्लिट एपीकेज इन्स्टॉलर, हे मुक्त ॲप दोन्हीकडे टाका. आधी एसएआयची फाइल पाठवा. तुमच्या फोनवर त्यात गणिताचा गेम निवडून बॅकअप घ्या, सगळे तुकडे एका फाइलमध्ये बांधले जातात. ती पाठवा आणि समोरच्या फोनवर एसएआयमधूनच उघडा. मात्र प्रोसेसर आणि स्क्रीनचे तुकडे तुमच्या फोनचे असतील, त्यामुळे फार वेगळ्या फोनवर अडेल. आर्णीच्या भाऊंनी स्क्रीनच्या मापाचं सांगितलं, तोच त्रास नव्या रूपात.

ज्यांचा डेटा वेगळ्या ओबीबी फाइलमध्ये असतो त्या मोठ्या गेमांच्या नादी लागू नका. अँड्रॉइड ११ पासून तो फोल्डर साध्या फाइल मॅनेजरला उघडू देत नाहीत.

पाठवायला ब्लूटूथ वापरू नका. १०० एमबीची फाइल सगळं सुरळीत चाललं तरी सहा-सात मिनिटं घेईल, बहुधा जास्तच. अँड्रॉइडमधलं क्विक शेअर वापरा. ते ब्लूटूथने फक्त समोरचा फोन शोधतं आणि फाइल दोन फोनांच्या थेट वायफायवरून पाठवतं. इंटरनेट लागत नाही. त्यात कोणाला दिसायचं ते 'सगळे' वर ठेवलं तरी दहा मिनिटांत आपोआप बंद व्हायची सोय आहे, तीच निवडा. फाइली पाठवायचे शेअरइट आणि झेंडर हे दोन्ही ॲप सरकारच्या २९ जून २०२०च्या बंदीतल्या ५९ ॲपमध्ये होते. त्या नावाच्या फाइली गावात फिरत असतील तर घेऊ नका, त्यात काय भरलंय सांगता येत नाही.

पांढरकवडेकर

सगळ्यांचं वाचलं. एक गोष्ट कोणी बोललं नाही म्हणून बोलतो. तेव्हा जे फिरत होते त्यातले बहुतेक गेम विकायचे होते. कोणीतरी मेहनत करून बनवलेले. आपण ते फुकट वाटले. मी स्वतः सॉफ्टवेअरच्या कामात आहे आणि मला ते खटकतं. आता शिक्षकाने पोरांना हेच शिकवावं का?

डाउनलोडिंगवाला_आर्णी

तुमचं म्हणणं मला मान्य आहे. कायद्याने ते चूकच. पण तेव्हा विकत घ्यायची वाट काय होती? कंपनीच्या पोर्टलवर जायला जीपीआरएस हवं, ते गावात चालत नव्हतं. पैसे बॅलन्समधून कटायचे, गेम अर्ध्यात अडकला तरी कटायचे. पोरांकडे दहा रुपयांचं रिचार्ज असायचं, ते मिस कॉल द्यायला पुरवायचं. बनवणाऱ्याचा पैसा बुडाला हे खरं. अन् पैसे द्यायची तयारी असलेल्यालाही खेड्यात दुकान नव्हतं, हेही तितकंच खरं. यातलं एक सांगून दुसरं गाळू नये.

मेळघाट_मास्तर

पांढरकवडेकर, तुमचा मुद्दा मी गंभीरपणे घेतो. वर्गासमोर उभं राहून देतो ते उजळ माथ्याने देता यावं असं मलाही वाटतं. मग असे गेम आहेत का जे वाटायला कोणाची ना नाही?

जुना_सिम्बियन, एसएआयने गणिताचा गेम काही फोनांवर चालला, काहींवर नाही. तुम्ही सांगितलं तसंच. दिवसभर मी आधी सगळ्यांचे फोन पाहतोय असं झालं.

जुना_सिम्बियन

आहेत, आणि तुमच्या गावाला तेच जास्त सोयीचे. एफ-ड्रॉइड नावाचं मुक्त सॉफ्टवेअरचं भांडार आहे. तिथल्या एपीके सहसा अखंड असतात आणि ज्या परवान्याखाली त्या येतात तो पुढे वाटायची मोकळीक देतो. पांढरकवडेकरांची अडचण राहत नाही आणि तुकड्यांचीही नाही. फक्त प्रोसेसरनुसार वेगळ्या फाइली असतील तर तेवढं पाहा.

सुरुवातीला हे घ्या: सुपरटक्सकार्ट, गाड्यांच्या शर्यतीचा. एका फोनचं हॉटस्पॉट लावून बाकीचे त्यावर आले की नेटशिवाय एकत्र खेळता येतं. ल्युआंटी, ज्याचं नाव २०२४ पर्यंत माइनटेस्ट होतं, ठोकळ्यांनी जग बांधायचा, त्यातही स्थानिक जाळ्यावर एकत्र खेळता येतं. आणि लहान वर्गांसाठी केडीई या मुक्त सॉफ्टवेअर बनवणाऱ्या गटाचा जीकॉम्प्री, त्यात बेरीज-वजाबाकीपासून बुद्धिबळापर्यंत १०० हून जास्त खेळ आहेत. अमरावतीला गेलात की चांगल्या नेटवर हे उतरवून एकदा उघडून पाहा, आवाजाच्या फाइली वेगळ्या उतरवायला सांगितलं तर तिथंच उतरवा.

एफ-ड्रॉइडच्या ॲपमध्ये 'जवळपास' असा भाग आहे. त्यातून दोन फोन इंटरनेटशिवाय एकमेकांचे ॲप देऊ-घेऊ शकतात. प्ले स्टोअरमध्येही काही वर्षं अशी सोय होती.

संत्रावाली

अजून एक. जुने गेम गेले असं सगळे धरून चाललेत, पण जेटूएमई लोडर नावाचं मुक्त ॲप अँड्रॉइडवर आहे. त्यात जुनी जार फाइल उघडते. जुन्या फोनची बटणं स्क्रीनवर काढून मिळतात, स्क्रीनचं माप आपण निवडायचं. माझ्या भाच्याला मी माझ्या वेळचे गेम असेच दिले. फाइल काही शे केबीचीच असते, त्यामुळे साध्या ब्लूटूथनेही लगेच जाते. मास्तरांच्या गावातले सगळ्यात स्वस्त, जुने फोनही हे चालवतील. फुकट वाटण्याचा प्रश्न इथंही आहे, हे पांढरकवडेकर दादांना मान्य करते. पण हे गेम आता कुठं विकतच मिळत नाहीत आणि कार्डं एकेक करून मरताहेत.

डाउनलोडिंगवाला_आर्णी

दुकान बंद केलं तरी त्या कॉम्प्युटरची हार्डडिस्क माझ्याकडे आहे. मापांचे फोल्डर तसेच असतील. जेटूएमई लोडरचं मला माहीत नव्हतं. या आठवड्यात लावून पाहतो.

वणीकर

भाऊ, लावून पाहाच. माह्यापाशी जुनं दोन जीबीचं कार्ड हाय, पन मोबाईलात टाकलं का 'फॉरमॅट करा' म्हनते. करू का?

जुना_सिम्बियन

नका करू. 'नाही' दाबा आणि कार्ड बाहेर काढा. रीडरमध्ये घालून कॉम्प्युटरला लावा. तिथंही फॉरमॅट विचारलं तर नाहीच म्हणा. टेस्टडिस्कसोबत येणारं फोटोरेक हे मोफत साधन कार्डावर काही न लिहिता फाइली शोधून काढतं. मिळालेल्या फाइली त्याच कार्डावर नाही, कॉम्प्युटरवर ठेवा. नावं बदललेली असतील. जार ही झिपच असल्याने काही फाइली झिप म्हणून निघतील. अशी झिप उघडून पाहा. आत 'मेटा-आयएनएफ' फोल्डर आणि त्यात मॅनिफेस्ट फाइल दिसली तर फाइलच्या नावाच्या शेवटी झिपऐवजी जार करा. गेमचं खरं नाव त्या मॅनिफेस्टमध्येच लिहिलेलं असतं.

आणि आर्णीचे भाऊ, तुमची डिस्क लावाल तेव्हा आधी तिची अख्खी प्रत काढा आणि व्हायरस तपासून घ्या. कार्डं भरून देणाऱ्या कॉम्प्युटरांवर तेव्हा ऑटोरनवाले, म्हणजे कार्ड लावताच आपोआप चालणारे, व्हायरस हमखास असायचे. फोल्डरांची नावं मात्र बदलू नका, जेटूएमई लोडरमध्ये माप निवडताना तीच लागतील.

मेळघाट_मास्तर

भाऊ, १२८ बाय १६० च्या फोल्डरातल्या यादीचा नुसता फोटो काढून इथं टाकता येईल का? आमच्याकडच्या बहुतेक फोनांना मेमरी कमी आहे, तेच सगळ्यात हलके पडतील. सुपरटक्सकार्ट आणि जीकॉम्प्री या शनिवारी अमरावतीहून उतरवून आणतो. मुलींची बैठक वेगळी घेईन, पहिली तीच.